जपानमध्ये कलीगच्या घरचं कुणी वारलं तर: त्सुयाला (दहनाच्या आदल्या संध्याकाळच्या विधीला) जायची तयारी, क्रम आणि नेहमी होणाऱ्या चुका

दर दोन-तीन महिन्यांनी आमच्या टोकियोच्या मराठी ग्रुपवर दुपारी चारला कुणाचातरी मेसेज पडतो, "टीम लीडचे वडील गेले, आज सहाला जायचंय, पाकिटात किती टाकू आणि पांढरा कुर्ता चालेल का?" मग दहा जण दहा उत्तरं देतात आणि त्यातली निम्मी लग्नाच्या पाकिटाची असतात. म्हणून एकदा नीट लिहून ठेवतोय. हे जपानमध्ये नोकरी करणाऱ्या लोकांसाठी आहे, म्हणजे ऑफिसातल्या माणसाच्या किंवा शेजाऱ्याच्या घरचं कुणी गेलं तर काय करायचं. बायको जपानी असेल आणि सासरचं कुणी गेलं असेल तर नियम वेगळे, रक्कमही वेगळी, ते सासूबाईंना विचारा.

सुरू करण्याआधी दोनच गोष्टी डोक्यात पक्क्या करा, कारण पुढचे बहुतेक नियम यातूनच येतात. एक, हे अचानक झालं, मी आधीपासून तयारी करून बसलो नव्हतो. दोन, हे त्या घरात परत होऊ नये. ऐन वेळी काही आठवलं नाही तर हे दोन प्रश्न स्वतःला विचारा, बऱ्याचदा उत्तर सापडतं.

१. मेल आला की आधी पूर्ण वाचा

ऑफिसच्या सोमूकडून, म्हणजे ॲडमिनवाल्यांकडून, एक मेल येतो, त्याला फुहो म्हणतात. त्यात गेलेल्या माणसाचं नाव, वय, मोशू कोण (घरचा मुख्य शोक करणारा, बहुतेक वेळा तुमचा कलीग किंवा त्याची आई), हॉलचा पत्ता आणि दोन वेळा दिलेल्या असतात. पहिली वेळ त्सुयाची, साधारण संध्याकाळी सहा किंवा सात. दुसरी कोकुबेत्सुशिकीची, म्हणजे निरोपाच्या विधीची, ती दुसऱ्या दिवशी दिवसा, आणि तिथून घरचे लोक दहनाला जातात. ऑफिसवाले बहुतेक त्सुयालाच जातात कारण काम संपवून जाता येतं. दोन्हीकडे गेलात तर पैशाचं पाकीट एकदाच द्यायचं, दोनदा दिलं तर "दुःख दोनदा" असा अर्थ निघतो.

तारीख बघून आपल्याला आश्चर्य वाटतं, माणूस सोमवारी गेला आणि त्सुया शुक्रवारी कसा? आपल्याकडे काही तासांत सगळं उरकतं. इथे दहनगृहाचा नंबर लागावा लागतो, टोकियो-योकोहामात चार-सहा दिवस सहज जातात, शिवाय कॅलेंडरवर तोमोबिकी लिहिलेला दिवस आला की बरीच दहनगृहं बंद असतात, कारण त्या शब्दाच्या अक्षरांचा अर्थ मित्राला ओढून नेणारा दिवस असा लागतो. तेव्हा "अजून का नाही केलं?" हे कुणालाही विचारू नका.

मेलमध्ये दोन शब्द खास शोधा, भाषांतराच्या ॲपमध्ये टाकून का होईना पण शोधा. काझोकुसो असेल तर कार्यक्रम फक्त घरच्यांचा आहे. कोदेन जिताई असेल तर पैसे घेणार नाहीत.

सांभाळा: काझोकुसो लिहिलं असेल तर जायचं नाही. आपल्याकडे सुखाला बोलावणं लागतं, दुःखाला नाही, आणि म्हणून आपल्यातले लोक चांगल्या मनाने न बोलावता थेट हॉलवर पोचतात, आणि मग ज्यांना शांतपणे बसायचं होतं त्या घरच्यांना उठून पाहुण्याचं बघावं लागतं. तसंच पैसे नको म्हटले असतील तर "असू दे हो" म्हणत हातात कोंबू नका. इथे तो आग्रह वाटत नाही, हिशोब वाढवणं वाटतं.

चेक करा: डिपार्टमेंट मिळून एकच पाकीट देणार आहे का, हे टीममधल्या जुन्या माणसाला विचारा. असेल तर तुमचे हजार-दोन हजार येन तिकडे द्या, वेगळं पाकीट लागत नाही.

२. पाकीट विकत घेणं (सगळ्यात जास्त चुका इथेच)

या पैशांना कोदेन म्हणतात. पाकीट कोन्बिनीत (चोवीस तास चालणाऱ्या दुकानात), शंभर येनच्या दुकानात, सुपरमार्केटात सगळीकडे मिळतं, पण लग्नाची आणि दुःखाची पाकिटं एकाच रॅकवर शेजारी शेजारी लटकलेली असतात. मी पहिल्या वेळी घाईत लाल-पांढऱ्या दोऱ्याचं उचललं होतं, आणि काउंटरवरच्या मावशींनी माझ्या काळ्या टायकडे बघून, मग पाकिटाकडे बघून, काही न बोलता ते बाजूला ठेवलं आणि स्वतः जाऊन दुसरं आणून दिलं. त्या मावशी नसत्या तर मी बॉसच्या आईच्या त्सुयाला "अभिनंदन" देऊन आलो असतो.

बघायचं काय, तर पाकिटावरचा दोरा, मिझुहिकी. तो काळा-पांढरा किंवा चंदेरी हवा, ओसाकाकडे पिवळा-पांढराही चालतो. गाठ मुसुबिकिरी हवी, म्हणजे ओढली तरी न सुटणारी, कारण सुटणारी फुलपाखरासारखी गाठ परत परत बांधता येते आणि हे परत व्हायला नको.

पाकिटावर वर काय छापलंय तेही महत्त्वाचं. जपानमधले बहुतेक अंत्यविधी बौद्ध पद्धतीने होतात, त्यासाठी ओकोदेन लिहिलेलं घ्या, ते सगळ्या बौद्ध पंथांना चालतं. गोरेइझेन लिहिलेलं सगळ्यात जास्त विकलं जातं पण त्याचा अर्थ आत्म्यासमोर असा होतो, आणि जोदो शिन्शू हा जो मोठा पंथ आहे त्यांच्या मते माणूस गेल्या क्षणी बुद्ध होतो, मधे आत्मा म्हणून भटकत नाही, म्हणून त्यांच्याकडे गोबुत्सुझेन लागतं. कमळाचं चित्र असलेलं पाकीट फक्त बौद्धांसाठी. चर्चमध्ये असेल तर ओहानार्यो, म्हणजे फुलांचे पैसे, आणि शिंतो (जपानचा मूळचा धर्म) असेल तर ओतामागुशिर्यो. मेलमधला हॉलचा पत्ता वाचून कळत नसेल तर सोमूला फोन करून विचारा, रोज विचारतात लोक.

पाच हजारापर्यंत रक्कम असेल तर दोरा छापलेलं साधं पाकीट घ्या. दहा हजाराला खरा दोरा लावलेलं. तीन हजार येन जाडजूड चंदेरी दोऱ्याच्या पाकिटात टाकणं म्हणजे पाकीट महाग आणि आत काहीच नाही, ते बरं दिसत नाही.

३. किती पैसे आणि कुठल्या नोटा

कलीगचे आईवडील असतील तर ३,००० ते ५,००० येन, बॉस स्वतः किंवा ज्यांच्याशी जवळचं आहे असं कुणी असेल तर ५,००० ते १०,०००. जास्त दिले तर चांगलं दिसेल असं वाटतं पण तसं नसतं, त्या घराला साधारण निम्म्या किमतीची वस्तू परत द्यावी लागते, तुम्ही वीस हजार टाकले की त्यांच्या डोक्याला ताप.

४ आणि ९ हे आकडे येऊ देऊ नका. चारचा उच्चार मृत्यूसारखा होतो आणि नऊचा यातनेसारखा. ५०१ च्या सवयीने वर एक येनचं नाणं टाकणारेही मी बघितलेत, नका टाकू, इथे तसला प्रकार नाही, मोजणारा माणूस तो एक येन हातात धरून बसतो.

नोटा कोऱ्या करकरीत नकोत. बँकेतून नव्या नोटा आणल्या म्हणजे तुम्ही आधीपासून वाट बघत होतात असा अर्थ. लग्नात बरोब्बर उलटं, तिथे कोऱ्या नोटा लागतात, आणि म्हणून ग्रुपवर गोंधळ होतो. एटीएममधून नेमकी नवी नोट आली तर मधोमध एकदा घडी घाला आणि उघडा, झालं. फाटकी मळकी पण टाकू नका.

इथे अजून एक नवा गोंधळ सुरू झालाय. ३ जुलै २०२४ पासून नवीन डिझाइनच्या नोटा आल्यात, दहा हजारावर शिबुसावा एइइची, पाच हजारावर त्सुदा उमेको, हजारावर कितासातो शिबासाबुरो. "नवी नोट चालत नाही" म्हणून लोक जुन्या डिझाइनच्या शोधात फिरतात. डिझाइनचा संबंध नाही हो, नोट वापरलेली दिसली पाहिजे एवढंच.

नोट ठेवताना चेहरा पाकिटाच्या मागच्या बाजूला आणि खाली जाईल अशी ठेवा, दुःखाने मान खाली घातल्यासारखी. सगळ्या नोटा एकाच दिशेने.

४. नाव, रक्कम, घडी

बाहेर नाव फिक्या शाईने लिहायचं. उसुझुमी फुदेपेन मागा, करड्या शाईचा ब्रश पेन मिळतो, बऱ्याचदा एका टोकाला काळी आणि दुसऱ्या टोकाला करडी. डोळ्यांतलं पाणी शाईत पडून ती पातळ झाली अशी त्यामागची कल्पना. पाकिटाच्या खालच्या अर्ध्या भागात मधोमध, उभं, पूर्ण नाव काताकानात (परदेशी नावं लिहायच्या जपानी लिपीत). तीन लोकांपर्यंत सगळी नावं लिहितात, सगळ्यात सिनियर उजवीकडे. त्याहून जास्त असतील तर टीमचं नाव आणि आत वेगळ्या कागदावर यादी.

आतल्या लहान पाकिटावर पुढे रक्कम, मागे पत्ता आणि नाव. हे मात्र स्वच्छ काळ्या पेनाने लिहा, कारण घरच्यांना नंतर याच पत्त्यावरून हिशोब लावायचा असतो. आडव्या रेघा छापलेल्या असतील तर साधे आकडे चालतात. पत्ता न लिहिणं ही आपल्या लोकांची अगदी ठरलेली चूक, "ते मला ओळखतात ना" म्हणून. ओळखतो तुमचा कलीग, पण पाकिटं उघडणारे त्याचे काका असतात.

बाहेरच्या पाकिटाच्या मागच्या दोन घड्यांत वरची घडी खालच्या घडीवर आली पाहिजे. लग्नात खालची वर, आनंद झेलायला. इथे तसं असेल तर दुःख झेलून ठेवल्यासारखं होतं.

मग हे पाकीट फुकुसा नावाच्या कापडात. तसंच खिशातून काढून देऊ नका. जांभळा फुकुसा घ्या, तो लग्नाला आणि याला दोन्हीला चालतो, शंभर येनच्या दुकानातसुद्धा मिळतो. या प्रसंगी तो डावीकडे उघडतो. काहीच नसेल तर गडद रंगाचा साधा रुमाल.

चेक करा निघण्याआधी: पैसे आत आहेत का? हसू नका, रिकामं पाकीट दिलेला माणूस आमच्या बिल्डिंगमध्ये राहतो.

५. कपडे

पांढरा कुर्ता नाही. तुमच्या-माझ्या डोक्यात मयताला पांढरं हे इतकं पक्कं बसलंय की हात आपोआप कपाटात तिकडे जातो, पण इथे त्या हॉलमध्ये पांढऱ्या कपड्यात शक्यतो एकच माणूस असतो आणि तो पेटीत असतो. त्याचा किमोनोही उलटा नेसवलेला असतो, उजवी बाजू वर. (उन्हाळ्यात फटाके बघायला युकाता, म्हणजे सुती किमोनो, घालून जाल तेव्हा डावी बाजू वर ठेवा, उलटी घातली तर बायका धावत येऊन सांगतात.)

पुरुषांनी काळा सूट, नसेल तर त्सुयापुरता गडद निळा किंवा गडद करडा चालून जातो, कारण पुन्हा तेच, घाईत आलात. शर्ट साधा पांढरा, टाय साधा काळा, टायपिन नाही, मोजे काळे, बूट काळे, चकचकीत बकल नको. काळा टाय बऱ्याच कोन्बिनीत मिळतो.

बायकांनी काळा साधा ड्रेस किंवा सूट, काळे स्टॉकिंग्ज, पर्स साधी आणि न चमकणारी. मोत्याची एकेरी माळ चालते, दुहेरी नाही, दुःख दुहेरी होतं म्हणून. मंगळसूत्र माझी बायको गळ्याच्या आत टाकते, टिकली ती लहान काळी लावते. कुणी काही बोललेलं नाही. अत्तर, सेंट अजिबात नको, आत धुपाचा वास असतो.

६. हॉलवर पोचल्यावर

दहा-पंधरा मिनिटं आधी पोचा, कोट आणि छत्री बाहेर ठेवा, फोन पूर्ण बंद. रिसेप्शनच्या टेबलवर क्रम असा: वाकून नमस्कार, हळू आवाजात "कोनो ताबी वा गोशूशोसामा दे गोझाइमासु" (तुमच्या दुःखात सहभागी आहे), मग फुकुसातून पाकीट काढा, समोरच्याला नाव वाचता येईल असं फिरवा, दोन्ही हातांनी द्या, मग वहीत किंवा कार्डावर नाव-पत्ता लिहा. त्या वाक्याचे शेवटचे शब्द पुटपुटले तरी चालतं, खरं सांगायचं तर जपानी लोकही ते पुटपुटतातच.

सांभाळा: काय झालं होतं, किती दिवस आजारी होते, हे विचारायचं नाही. आपल्याकडे विचारलं नाही तर माणूस कोरडा वाटतो, इथे विचारलं तर जखम उकरल्यासारखं होतं. गानबात्ते (हिंमत ठेव, जोर लाव) म्हणू नका. आणि कासानेगासाने, ताबीताबी, मासुमासु असले जोडशब्द टाळा, दोनदा म्हटलं की दोनदा होतं.

७. शोको, म्हणजे धूप वाहणं

भिक्षूंचं पठण सुरू झालं की थोड्या वेळाने रांगेने पुढे बोलावतात. जपमाळेसारखी जुझू नसेल तर नसू दे, दुसऱ्याची मागून घेऊ नका, ती ज्याची त्याची असते.

टेबलवर दोन भांडी असतात किंवा एकाच लाकडी पेटीत दोन खण. एकात तपकिरी भुकटी, दुसऱ्यात राख आणि राखेच्या मधे निखारा, वरून नीट दिसतही नाही. माझी बोटं पहिल्यांदा थेट राखेत गेली. ओरडलो नाही, पण मागच्या माणसाला खांद्यावरून कळलं असणार. तेव्हा आधी धूर कुठून येतोय ते बघा, मग हात पुढे करा.

पुढच्या माणसाकडे बघत बघत हे करा:

१. फोटोजवळ बसलेल्या घरच्यांना वाका.
२. टेबलसमोर उभं राहून फोटोला वाका.
३. उजव्या हाताचा अंगठा आणि दोन बोटं, चिमूटभर भुकटी, कपाळापर्यंत उचला, मग निखाऱ्यावर सोडा.
४. हात जोडा, डोळे मिटा, दोन-तीन सेकंद.
५. दोन पावलं मागे या, पाठ न करता, परत घरच्यांना वाका आणि जागेवर जा.

चिमूट किती वेळा, यावर पंथ वेगळे. शिंगोनमध्ये तीनदा, सोतो झेनमध्ये दोनदा आणि दुसरी कपाळाला न लावता, जोदो शिन्शूत एक किंवा दोन आणि कपाळाला लावतच नाहीत. गर्दी असेल तर सगळेच एकदा करतात, तुम्हीही एकदा करा, कुणी मोजत नाही.

कधी तातामी चटया अंथरलेल्या खोलीत पेटी हातोहात फिरवतात, तेव्हा ती मांडीसमोर ठेवून तेच करायचं आणि पुढच्याला द्यायची. कलीगच्या घरी नंतर गेलात आणि काडीची उदबत्ती दिली तर तोंडाने फुंकून ज्योत विझवू नका, हाताने वारा घाला. हे आपल्याला आजीने शिकवलेलंच आहे, तरी परदेशात आलं की लोक वाढदिवसाच्या मेणबत्तीसारखी फुंकतात.

शिंतो असेल तर साकाकी नावाच्या पवित्र झाडाची फांदी देतात, ती घड्याळाच्या दिशेने फिरवून देठ समोर करून ठेवायची, दोनदा वाकायचं, दोन टाळ्या पण आवाज न करता, मग एकदा वाकायचं. देवळात वाजवतो तशी टाळी तिथे वाजली की अख्खा हॉल वळून बघतो. चर्चमध्ये फूल, देठ वेदीकडे.

चेक करा: या सगळ्यात कलीगला थांबवून बोलायचं नाही, फोटो काढायचा नाही. नजर मिळाली तर मान लववा, पुरे.

८. त्सुयाबुरुमाई, म्हणजे त्सुयानंतरचं जेवण

बाहेर आलात की कुणीतरी जेवणाच्या खोलीकडे हात दाखवतो, आणि इथे आपले लोक पळ काढतात. समजतं मला, आपल्याकडे त्या घरात चूल पेटत नाही, शेजारी पिठलं-भाकरी आणून देतात, आणि इथे ताटभर सुशी आणि बिअर. पण ते मेलेल्या माणसासोबतचं शेवटचं जेवण समजतात, बोलावलं तर दोन घास खाऊन यायचं. शाकाहारी असाल तर काकडीची सुशी उचला. वीस मिनिटं बसा आणि उठा, रात्र काढायची नाही.

ग्लास उचलला तर कानपाई (आपलं चीअर्स) नाही म्हणायचं, केनपाई म्हणायचं, आणि ग्लास आपटायचा नाही.

सांभाळा: चॉपस्टिकने चॉपस्टिककडे घास द्यायचा नाही. दहनानंतर अस्थी दोन माणसं मिळून चॉपस्टिकनेच उचलून कलशात ठेवतात, म्हणून. भातात त्या उभ्या खुपसायच्या नाहीत हे माहीत असेलच, तसा भात गेलेल्या माणसासमोर ठेवतात.

९. घरी येताना

निघताना एक पिशवी मिळते, त्यात चहा, नोरी (वाळवलेलं समुद्री शेवाळ) किंवा टॉवेल, आणि कधी कधी मिठाची पुडी. दारातून आत जायच्या आधी ते मीठ चिमटीने छातीवर, पाठीवर, पायांवर टाकून झटकायचं, मग आत. काही पंथ मीठ मानत नाहीत, मग पुडी नसतेच. पुडी असली तर तिच्यावर बऱ्याचदा खायचं नाही असं लिहिलेलं असतं, जे वाचता न आल्यामुळे आमच्या एका मित्राने उकडलेल्या अंड्यावर वापरून टाकलं. आंघोळ करायची सवय असेल तर खुशाल करा, मीही करतो.

पिशवीसाठी धन्यवादाचा मेल लिहू नका आणि परत काही पाठवू नका, नाहीतर ते चक्र थांबत नाही. जाणं शक्यच नसेल तर पोस्टात गेनकिन काकितोमे (रोख रकमेचं रजिस्टर्ड पोस्ट) मागा, त्यांच्या खास लिफाफ्यात कोदेनचं पाकीट घालून दोन ओळींची चिठ्ठी टाका. साध्या पोस्टाने रोख पाठवता येत नाही.

१०. पुढचं वर्षभर

कलीग ऑफिसला आला की पहिल्या दिवशी सगळ्यांसमोर सांत्वन करत बसू नका, त्याचं काम थोडं उचला. तेराव्याऐवजी इथे एकोणपन्नासावा दिवस, त्याला ऑफिसवाले जात नाहीत.

नोव्हेंबर-डिसेंबरात त्याच्याकडून करड्या रंगाचं साधं कार्ड येईल, मोचू हागाकी. म्हणजे आमच्याकडे यंदा शोक आहे, नववर्षाचं कार्ड पाठवणार नाही. आपण घरात कुणी गेलं की वर्षभर सण करत नाही ना, तसंच. त्या घरी नववर्षाचं कार्ड टाकायचं नाही, हवंच असेल तर ७ जानेवारीनंतर थंडीत तब्येत सांभाळा अशा अर्थाचं कानचू मिमाई पाठवा. आणि जानेवारीत ऑफिस उघडलं की सगळ्यांना "आकेमाशिते ओमेदेतो" (नववर्षाच्या शुभेच्छा) म्हणत डेस्कवरून फिरताना त्याच्या डेस्कशी नुसतं "कोतोशी मो योरोशिकु" (यंदाही सांभाळून घ्या) म्हणा.